साठ मिनिटांच्या खेळाचे तीन तास

अमेरिकेत लेकाकडे किंवा लेकीकडे चार-सहा महिने राहून आलेल्या बऱ्याच जणांनी मला एकच प्रश्न विचारला आहे. रविवारी दुपारी घरातली मंडळी टीव्हीसमोर बसतात आणि काळोख पडला तरी उठत नाहीत. पडद्यावर शिरस्त्राणे घातलेले धिप्पाड लोक एकमेकांवर आदळतात, उठतात, घोळका करून उभे राहतात आणि मग जाहिरात लागते. ‘हे लोक खेळतात तरी कधी?’ प्रश्न थट्टेने विचारलेला असतो. त्याचे उत्तर मात्र थट्टेवारी नेण्यासारखे नाही, असे मला वाटते. एका देशाने खेळाचा वेळ कसा मोजला, कसा ताणला आणि कसा विकला, याची सगळी हकिकत त्या उत्तरात आहे.

आधी आकडे पाहू. नॅशनल फुटबॉल लीग, म्हणजे एनएफएल, या व्यावसायिक संघटनेच्या नियमांप्रमाणे सामना ६० मिनिटांचा असतो. १५ मिनिटांची चार सत्रे, मध्ये १२-१३ मिनिटांचे मध्यंतर. प्रत्यक्षात सामना सुरू झाल्यापासून संपेपर्यंत सरासरी तीन तास दहा मिनिटांच्या आसपास जातात. आणि चेंडू प्रत्यक्ष खेळात असण्याचा वेळ? २०१० साली ‘वॉल स्ट्रीट जर्नल’ या वृत्तपत्राने चार सामन्यांची प्रक्षेपणे सेकंदासेकंदाने मोजून काढली. उत्तर आले सुमारे ११ मिनिटे. जाहिरातींनी जवळपास तास घेतला होता, पुन्हा दाखवलेल्या दृश्यांनी १७ मिनिटे, आणि तासाहून अधिक वेळ खेळाडू नुसते उभे होते, चालत होते किंवा घोळक्यात बोलत होते.

हा ११ मिनिटांचा आकडा तेव्हापासून फार गाजला. या खेळाला नावे ठेवणाऱ्यांच्या हाती तर कोलीतच मिळाले. पण तो आकडा जितका खरा तितकाच फसवा आहे. कसोटी क्रिकेटमध्ये गोलंदाजाच्या हातून चेंडू सुटल्यापासून तो मेल्यापर्यंतचाच वेळ मोजला, तर दिवसभराच्या खेळाचे काय उरेल याचा विचार करावा. गोलंदाज मागे चालत जातो, कर्णधार स्लिपमधला माणूस काढून गलीत नेतो, फलंदाज खेळपट्टी थोपटतो. या सगळ्याला आपण ‘वेळ गेला’ म्हणत नाही. अमेरिकी फुटबॉलही असाच तुकड्यातुकड्यांचा खेळ आहे. चेंडू हाती असलेल्या संघाला दहा यार्ड पुढे सरकण्यासाठी चार प्रयत्न मिळतात. प्रत्येक प्रयत्नाला ‘डाउन’ म्हणतात. एक प्रयत्न चार-सहा सेकंदांत आटोपतो. दोन्ही संघांचे मिळून सामन्यात साधारण १२० ते १३० प्रयत्न होतात. प्रत्येकी पाच सेकंद धरले तर साडेदहा मिनिटे भरतात. म्हणजे ११ मिनिटे ही कुणाची आळशीपणाची कमाई नव्हे, खेळाच्या रचनेतूनच ती येतात.

दोन प्रयत्नांच्या मध्ये काय चालते, ते पाहणे अधिक मनोरंजक आहे. एक प्रयत्न संपला की ४० सेकंदांचे दुसरे, छोटे घड्याळ सुरू होते. ते शून्यावर येण्याआधी पुढचा प्रयत्न सुरू झालाच पाहिजे, नाहीतर पाच यार्डांचा दंड. या ४० सेकंदांत प्रशिक्षक शेकडो आखणींतून एक निवडतो आणि ती क्वार्टरबॅकच्या, म्हणजे आक्रमणाच्या सूत्रधाराच्या शिरस्त्राणातल्या रेडिओवर सांगतो. छोट्या घड्याळात १५ सेकंद उरले की हा रेडिओ बंद होतो. पुढचे त्याचे त्याने पाहायचे. तो उरलेल्या दहा जणांना डाव समजावतो. खेळाडूंची अदलाबदल होते. समोरचा बचाव याच वेळात अंदाज बांधून आपली जागा बदलतो, ती पाहून क्वार्टरबॅक ओरडून ऐनवेळी डाव फिरवतो. ज्याला हे वाचता येते त्याला या ४० सेकंदांत श्वास घ्यायला फुरसत नसते. ज्याला येत नाही त्याला माणसे उभी दिसतात.

या घोळक्याची, ‘हडल’ची, एक जन्मकथा सांगितली जाते. वॉशिंग्टनमधले गॅलॉडेट हे कर्णबधिरांचे महाविद्यालय. १८९०च्या दशकात तिथल्या पॉल हबर्ड या क्वार्टरबॅकने आपल्या खुणा दुसऱ्या कर्णबधिर संघाला दिसू नयेत म्हणून खेळाडूंना भोवती गोल उभे केले. आज ज्याला प्रेक्षक ‘नुसते उभे राहणे’ म्हणतो, ते अशा रीतीने बोटांनी बोलणाऱ्या माणसांनी आपले बोलणे झाकण्यासाठी शोधलेले आहे.

साठ मिनिटे हा आकडाही आभाळातून पडलेला नाही. १९०५ पर्यंत हा खेळ मुख्यतः महाविद्यालयांचा होता, ७० मिनिटे चालायचा आणि इतका दांडगाईचा होता की एकेका हंगामात अनेक तरुण मैदानावर झालेल्या जखमांनी मरत. ऑक्टोबर १९०५ मध्ये राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी हार्वर्ड, येल आणि प्रिन्स्टनच्या लोकांना व्हाइट हाउसमध्ये बोलावून खेळ सुधारा म्हणून सुनावले. पुढच्या वर्षी नियम बदलले. चेंडू पुढे फेकण्याला परवानगी मिळाली, आणि वेळ दहा मिनिटांनी कमी करून तीस-तीस मिनिटांचे दोन भाग ठरले. १९१० मध्ये त्यांची १५ मिनिटांची चार सत्रे झाली, कारण मुलांना मध्ये विश्रांती हवी होती. एनएफएलची मूळ संघटना १९२० मध्ये ओहायोतल्या कँटन गावी, एका मोटारींच्या दुकानात स्थापन झाली. तिने हेच माप उचलले. आज ज्या सत्रांच्या मध्ये जाहिराती लागतात, ती सत्रे मुळात पोरे जिवंत राहावीत म्हणून पाडली गेली होती.

आता मोठ्या घड्याळाकडे येऊ. ते कधी चालते आणि कधी थांबते, यातच तीन तासांचे पहिले रहस्य आहे. चेंडू घेऊन धावणारा खेळाडू मैदानातच पाडला गेला, तर घड्याळ चालूच राहते. फेकलेला चेंडू कुणी झेलला नाही, तर थांबते. गुण झाले, चेंडू एका संघाकडून दुसऱ्याकडे गेला, कुणी जखमी झाला, पंचांनी दृश्य पुन्हा तपासायला घेतले, की थांबते. खेळाडू सीमेबाहेर गेला तर क्षणभर थांबून बहुतेक वेळा लगेच सुरू होते. पहिल्या अर्धाच्या शेवटच्या दोन आणि दुसऱ्या अर्धाच्या शेवटच्या पाच मिनिटांत मात्र पुढचा प्रयत्न सुरू होईपर्यंत थांबूनच राहते. शिवाय प्रत्येक संघाला दर अर्धात तीन वेळा घड्याळ थांबवण्याचा हक्क असतो. म्हणून शेवटची दोन मिनिटे कधीकधी वीस मिनिटे चालतात. घरच्या माणसाने ‘दोनच मिनिटे राहिलीत’ असे सांगितले तर पानावर वाढायला घेऊ नये, हे अमेरिकेतल्या मराठी गृहिणींना अनुभवाने कळलेले असते.

त्यामुळे घड्याळ हे इथे नुसते मोजमाप नसून एक हत्यार आहे. पिछाडीवरचा संघ चेंडू फेकत राहतो, सीमेकडे पळतो, वेळ वाचवतो. आघाडीवरचा संघ धावतो, जमिनीवर पडून राहतो, ४० सेकंदांतला शेवटचा सेकंद येईपर्यंत चेंडू उचलत नाही. वेळ जाळण्याचा सर्वांत सोपा मार्ग म्हणजे क्वार्टरबॅकने चेंडू हाती घेऊन एक गुडघा टेकायचा. प्रयत्न संपला, घड्याळ चालू. एके काळी हे भ्याडपणाचे समजले जाई. १९ नोव्हेंबर १९७८ रोजी न्यू जर्सीतल्या ईस्ट रदरफर्ड इथे न्यूयॉर्क जायंट्स हा संघ फिलाडेल्फिया ईगल्सविरुद्ध १७-१२ असा पुढे होता. अर्ध्या मिनिटाच्या आसपास वेळ उरलेला, ईगल्सचे सगळे थांबे संपलेले. गुडघा टेकला असता तर सामना संपला असता. जायंट्सच्या बाकावरून मात्र चेंडू दुसऱ्याच्या हाती देऊन धावण्याचा हुकूम आला. क्वार्टरबॅक जो पिसार्चिक आणि लॅरी झोंका यांच्यातली ती देवघेव चुकली, चेंडू जमिनीवर उसळला, हर्म एडवर्ड्सने तो उचलला आणि पळत जाऊन गुण नोंदवले. ईगल्स १९-१७ असे जिंकले. ज्याने तो डाव सांगितला त्या प्रशिक्षकाची नोकरी दुसऱ्या दिवशी गेली. तेव्हापासून गुडघा टेकण्यात कुणाला कमीपणा वाटेनासा झाला. तशी खास रचनाच प्रत्येक संघाने तयार ठेवली.

दोन मिनिटांच्या इशाऱ्याची गोष्टही गमतीची आहे. प्रत्येक अर्धात दोन मिनिटे उरली की खेळ आपोआप थांबतो. पूर्वी खरी वेळ मैदानावरच्या पंचाच्या घड्याळात असे. फलकावरचे घड्याळ केवळ प्रेक्षकांच्या सोयीसाठी. तेव्हा दोन्ही संघांना ‘बाबांनो, आता इतकेच उरले’ असे सांगणे भाग होते. १९६०च्या दशकात अमेरिकन फुटबॉल लीग या प्रतिस्पर्धी संघटनेने फलकावरचेच घड्याळ अधिकृत केले, आणि १९७० मध्ये दोन्ही संघटना एक झाल्यावर एनएफएलनेही ते स्वीकारले. इशाऱ्याचे कारण त्याच दिवशी संपले. इशारा मात्र राहिला, कारण एव्हाना त्या थांब्यात जाहिराती बसू लागल्या होत्या आणि सर्वांत उत्कंठेच्या क्षणी बांधून ठेवलेला प्रेक्षक कोण सोडतो?

इथून तिसरे घड्याळ सुरू होते, दूरचित्रवाणीचे. १९६१ मध्ये अमेरिकी संसदेने कायदा करून सर्व संघांचे प्रक्षेपणाचे हक्क एकत्र विकायला परवानगी दिली. २०२१ मध्ये केलेले ११ वर्षांचे करार शंभर अब्ज डॉलरच्या वर गेले. एवढा पैसा परत मिळवायचा तर खेळात खिडक्या हव्यात. सामन्यात ठरावीक संख्येने ‘टीव्ही टाइम-आउट’ घेतले जातात. मैदानाच्या कडेला उभा असलेला प्रक्षेपणाचा माणूस खूण करीपर्यंत पंच खेळ सुरू करीत नाहीत. मैदानावर बसलेल्या प्रेक्षकाला हे फार जाणवते. डिसेंबरच्या थंडीत ७०-८० हजार माणसे, मैदानावर २२ खेळाडू, आणि सगळे कुठल्यातरी ट्रकची जाहिरात संपण्याची वाट पाहत असतात.

टीव्हीसाठी खेळ थांबतो, हे एक वेळ समजू शकते. टीव्हीसाठी झालेला खेळ पुसून पुन्हा खेळावा लागला, असेही झाले आहे. १५ जानेवारी १९६७ रोजी लॉस एंजेलिसमध्ये पुढे सुपर बोल म्हणून ओळखला गेलेला पहिला अंतिम सामना होता, आणि तो सीबीएस व एनबीसी या दोन वाहिन्या एकाच वेळी दाखवत होत्या. मध्यंतरानंतर चेंडूला लाथ मारून खेळ सुरू झाला, तेव्हा एनबीसी जाहिरातींतून परतलीच नव्हती. पंचांनी ती सुरुवात रद्द करून चेंडू पुन्हा मारायला लावला.

त्याच्या पुढच्याच वर्षी उलटा प्रकार घडला, आणि माझ्या मते या साऱ्या विषयातला तो सर्वांत महत्त्वाचा प्रसंग आहे. १७ नोव्हेंबर १९६८, रविवार. ओकलंडमध्ये न्यूयॉर्क जेट्स आणि ओकलंड रेडर्स हे अमेरिकन फुटबॉल लीगचे दोन तगडे संघ खेळत होते. न्यूयॉर्कच्या वेळेप्रमाणे चार वाजता सामना सुरू झाला. एनबीसीने तीन तास राखून ठेवले होते. त्या काळात सामने अडीच तासांच्या आसपास आटपत, त्यामुळे तीन तास पुष्कळ झाले असे सर्वांनी धरले होते. सात वाजता ‘हायडी’ हा मुलांसाठीचा नवा चित्रपट लागायचा होता, आणि त्याचा प्रायोजक होता टायमेक्स, म्हणजे घड्याळांचीच कंपनी. चित्रपट ठरल्या वेळी सुरू व्हायचा, ही अट होती.

सामन्यात भांडणे झाली, दंड झाले, गुण भरपूर झाले, चेंडू वारंवार हवेत राहिला. म्हणजे घड्याळ थांबवणारे जे जे होते ते सारे झाले. सात वाजत आले तेव्हा जेट्स ३२-२९ असे पुढे होते आणि ६५ सेकंद शिल्लक होती. एनबीसीच्या वरिष्ठांनी ऐनवेळी सामना पूर्ण दाखवायचे ठरवले. पण सामना संपेपर्यंत दाखवा असे आणि ‘हायडी’ वेळेवर लावा असे सांगणाऱ्या दोन्ही बाजूंच्या प्रेक्षकांच्या फोनांनी वाहिनीच्या सगळ्या लाइन अडकल्या होत्या. निर्णय नियंत्रण कक्षापर्यंत पोचलाच नाही. तिथल्या डिक क्लाइन या पर्यवेक्षकाने हातातल्या लेखी सूचनेप्रमाणे सातच्या ठोक्याला बटण दाबले. देशाच्या पूर्व भागातल्या पडद्यांवर आल्प्सचे डोंगर आले. ओकलंडमध्ये रेडर्सनी नऊ सेकंदांच्या अंतराने दोन टचडाउन केले आणि सामना ४३-३२ असा जिंकला. निकालाची पट्टी पडद्यावर सरकली ती, पांगळी क्लारा पहिले पाऊल टाकत असतानाच. म्हणजे ज्यांना हायडी पाहायची होती तेही चिडले.

पुढे वाहिनीच्या अध्यक्षांना माफी मागावी लागली. पण खरा परिणाम करारांत दिसला. निदान ज्या शहरांचे संघ खेळत आहेत तिथे तरी सामना शेवटपर्यंत दाखवलाच पाहिजे, असे ठरले. तोवर वाहिन्या खेळाला आपल्या वेळापत्रकात बसवत होत्या. आता वेळापत्रक खेळाभोवती बसू लागले. आणि एकदा खेळ कितीही लांबला तरी चालेल असे ठरल्यावर तो लांबायला मोकळा झाला. मला वाटते, अडीच तासांचे तीन तास होण्यामागे चेंडू फेकण्याचे वाढलेले प्रमाण, दृश्यतपासणी आणि जाहिराती ही कारणे आहेतच, पण ही मोकळीकही त्यांच्या पंक्तीला बसवली पाहिजे.

लांबण्याचे पुरावे वेळापत्रकातच सापडतात. रविवारी दुपारचे सामने पूर्वेच्या वेळेप्रमाणे एक वाजता सुरू होतात. दुसऱ्या फेरीतले मुख्य सामने पूर्वी सव्वाचारला सुरू होत. २०१२ मध्ये ते ४ वाजून २५ मिनिटांवर नेले, कारण पहिली फेरी सव्वातीन तासांतही आटपेनाशी झाली होती. दहा मिनिटे खेळातून काढण्याऐवजी रविवारात घातली गेली.

संघटनेला याची टोचणी नाही असे नाही. प्रेक्षकांची सर्वांत मोठी तक्रार अशी होती की गुण झाले की जाहिरात, मग चेंडूला एक लाथ, पुन्हा जाहिरात. २०१७ मध्ये बदल जाहीर झाला. सामन्यातल्या जाहिरातींच्या खिडक्या २१ वरून १६ वर आणल्या. वर्तमानपत्रांनी कौतुक केले. पण पूर्वीची खिडकी एक मिनिट ५० सेकंदांची होती, नवी दोन मिनिटे २० सेकंदांची. गुणाकार करून पाहावा. आधी साडेअडतीस मिनिटे, नंतर सदतीस मिनिटांच्या किंचित वर. खंड कमी झाले, ही सुधारणाच. प्रेक्षकाच्या पदरात मात्र एक मिनिट पडले. आपल्याकडे आयपीएलने २००९ मध्ये डावाच्या मध्ये साडेसात मिनिटांचा ‘डावपेचांसाठीचा’ थांबा आणला आणि नंतर तो अडीच-अडीच मिनिटांच्या तुकड्यांत वाटला, तेव्हा मला ही पद्धत ओळखीची वाटली होती.

म्हणून माझे म्हणणे इतकेच की ‘नुसते उभे राहण्याचे’ दोन प्रकार वेगळे मोजावेत. ४० सेकंदांचा विराम खेळाचा आहे. तो काढला तर खेळच उरत नाही. टीव्हीच्या थांब्यात मात्र डाव ठरवायला लागणाऱ्या वेळेपेक्षा कितीतरी अधिक वेळ जातो, आणि तो खेळाच्या नावावर मांडला जातो. ११ मिनिटांचा आकडा या दोघांना एकाच पोत्यात घालतो, म्हणून तो मला पुरेसा वाटत नाही.

अपवादांची थोडी नोंद करायला हवी. बरोबरी झाली तर जादा वेळ असतो. नियमित हंगामात तो १९७४ पासून १५ मिनिटांचा होता. खेळाडूंच्या शरीरावरचा ताण लक्षात घेऊन २०१७ मध्ये दहा मिनिटांवर आणला. बाद फेरीत निकाल लागेपर्यंत खेळावे लागते. १९७१च्या नाताळच्या दिवशी मायामी डॉल्फिन्स आणि कॅन्सस सिटी चीफ्स यांचा सामना घड्याळाप्रमाणे ८२ मिनिटे ४० सेकंद चालला आणि गॅरो येप्रेमियनच्या लाथेने मायामीने तो २७-२४ असा जिंकला. खेळाच्या वेळेत त्याहून लांब सामना एनएफएलमध्ये झालेला नाही. मनगटावरच्या घड्याळाप्रमाणे मात्र ९ सप्टेंबर २०१८चा मायामी-टेनेसी सामना १९७० नंतरचा सर्वांत लांब. विजांमुळे दोनदा खेळ थांबवावा लागला आणि साठ मिनिटांना सात तास आठ मिनिटे लागली. सुपर बोलचे मध्यंतर गाण्याबजावण्यामुळे अर्ध्या तासाच्या घरात जाते, त्यामुळे तो सामना साडेतीन ते चार तासांचा धरावा. २०१३ मध्ये न्यू ऑर्लिन्सला मैदानावरचे दिवेच ३४ मिनिटे गेले, तेव्हा सव्वाचार तास लागले. भारतात हा सामना सोमवारी पहाटे पाचला सुरू होतो. नऊच्या गाडीने कचेरीत जाणाऱ्याने शेवटच्या सत्राची आशा धरू नये.

ज्यांना थांबेच नको होते त्यांच्यासाठी २००९ मध्ये ‘रेडझोन’ नावाची वाहिनी निघाली. रविवारी एकाच वेळी चालणाऱ्या सर्व सामन्यांतून जिथे गुण होण्याचा संभव आहे तिथे ती उडी मारते. एका मैदानावर घोळका जमला की दुसऱ्या मैदानावर. तिचा सूत्रसंचालक स्कॉट हॅन्सन दर रविवारी सुरुवातीला एक ठरलेले वाक्य म्हणायचा, सात तास विनाजाहिरात फुटबॉल. लोक ते त्याच्याबरोबर घरोघरी म्हणत. डिसेंबर २०२४ मध्ये प्रयोग म्हणून पडद्याच्या एका भागात जाहिराती आल्या, २०२५च्या हंगामापासून त्या कायमच्या झाल्या. हॅन्सन अजूनही सात तासांचे वाक्य म्हणतो. ‘विनाजाहिरात’ हा शब्द त्यातून गेला आहे.